विणणारे हात आणि न लिहिलेला इतिहास

१

अमेरिका म्हटले की चळवळीतील वाचकाच्या डोळ्यांसमोर प्रथम तेथील कृष्णवर्णीयांचा लढा उभा राहतो. ते स्वाभाविकच आहे. १९७२ साली मुंबईत दलित पँथर जन्माला आली ती नावातच ब्लॅक पँथरची आठवण घेऊन. आणि त्या काळात आपल्या नियतकालिकांनी कृष्णवर्णीय साहित्याचा परिचय मराठी वाचकाला मोठ्या आस्थेने करून दिला. परंतु त्याच भूखंडावर आणखी एक समाज आहे. तो तेथे गुलाम म्हणून आणला गेला नाही. तो तेथलाच होता आणि त्याच्या पायाखालची जमीन काढून घेतली गेली. १४९२ साली कोलंबस तिकडे पोहोचला आणि आपण हिंदुस्थानच्या बाजूला लागलो या समजुतीने त्याने त्या माणसांना 'इंडियन' म्हटले. एका परक्या खलाशाची चूक लक्षावधी माणसांचे नाव होऊन बसली. दुसऱ्याला नाव ठेवण्याचा अधिकार समाजात कोणाकडे असतो, हे या नियतकालिकाच्या वाचकाला निराळे सांगण्याची गरज नाही.

त्या विशाल भूखंडातील एकाच प्रदेशाचा विचार मी येथे करणार आहे. दक्षिण अमेरिकेच्या पश्चिम कडेने अँडीज पर्वताच्या रांगा उभ्या आहेत. आजचे पेरू आणि बोलिव्हिया हे देश त्यांच्या अंगाखांद्यावर वसलेले आहेत. केचुआ आणि आयमारा भाषा बोलणारे मूळनिवासी तेथे हजारो वर्षे राहत आले. त्यांच्या जीवनातील एकच गोष्ट मी निवडली आहे : विणकाम.

विणकामच का, असे कोणी विचारील. मी इतिहास शिकवतो. इतिहासाच्या पुस्तकांतून एक वाक्य पुन्हा पुन्हा भेटते : अमुक समाजाला लिपी नव्हती, म्हणून त्याचा लिखित इतिहास उपलब्ध नाही. हे वाक्य दिसायला निरुपद्रवी आहे. परंतु त्यातून हळूच दुसरे वाक्य तयार होते : ज्यांना लिहिता येत नव्हते त्यांना सांगण्यासारखे काही नव्हते. आमच्या घरात महाविद्यालयाची पायरी चढलेला पहिला माणूस मीच. माझ्या आधीच्या पिढ्यांनी कागदावर एक ओळ लिहून ठेवलेली नाही. म्हणून हे वाक्य मला वर्गात नुसते वाचून पुढे जाता येत नाही. अँडीजमधील विणकरांचा इतिहास पाहू लागल्यावर माझ्या ध्यानात आले की, या वाक्याला त्यांनी हजारो वर्षांपूर्वीच उत्तर विणून ठेवले आहे.

२

अँडीजच्या संस्कृतीत कापड मातीच्या भांड्याच्याही आधीचे आहे. पेरूच्या डोंगरातील गिटारेरो नावाच्या गुहेत वनस्पतींच्या तंतूंचे वळलेले दोर आणि गुंफलेले तुकडे सापडले. त्यांचे वय दहा हजार वर्षांहून अधिक आहे. उत्तर किनाऱ्यावर हुआका प्रिएता नावाचे टेकाड आहे. जुनियस बर्ड या संशोधकाने १९४६-४७ मध्ये तेथे उत्खनन केले. तेथल्या लोकांना अजून मडकी घडवता येत नव्हती, पण सुती कापडाचे हजारो तुकडे त्यांनी मागे ठेवले होते. रंग उडून गेले होते. एका तुकड्यातील धाग्यांची वाट सूक्ष्मदर्शकाखाली एकेक करून तपासली तेव्हा त्यातून पंख पसरलेल्या कोंडोर गिधाडाची आकृती उभी राहिली. सुमारे साडेचार हजार वर्षांपूर्वीची ही आकृती डोळ्यांना दिसत नव्हती. धागा कोठून कोठे गेला हे वाचावे लागले. याच टेकाडावरील निळ्या कापडाचा अभ्यास २०१६ साली प्रसिद्ध झाला. त्यावरून निळीने रंगवलेले जगातील सर्वांत जुने ज्ञात कापड तेथलेच, सुमारे सहा हजार वर्षांपूर्वीचे, असे दिसून आले. ज्या रंगाला युरोपने 'इंडिगो' म्हणून हिंदुस्थानचे नाव दिले, तो रंग अँडीजचे लोक कोणाला न विचारता कधीच वापरत होते.

कापसाचेही तसेच. पेरूच्या किनाऱ्यावरील लोकांनी लांब धाग्याचा कापूस स्वतः माणसाळवला. त्यात पांढऱ्याबरोबर तपकिरी छटांचीही बोंडे येत. तिकडे मेक्सिकोच्या मूळनिवासींनी कापसाची दुसरी एक जात माणसाळवली. तीच पुढे 'अमेरिकन कापूस' म्हणून इंग्रजांनी आपल्याकडे आणली, आणि विदर्भाच्या काळ्या मातीत आज जो संकरित कापूस उभा असतो तो बहुतांशी त्याच जातीचा आहे. वऱ्हाडातला कास्तकार ज्या पिकावर तरतो किंवा बुडतो, त्याचे पहिले बी कोणी निवडले, हे त्याला कोणी सांगितलेले नाही.

आता खुद्द विणकाम पाहू. अँडीजच्या स्त्रीचा माग म्हणजे चार-दोन काठ्या आणि एक पट्टा. ताण्याचे एक टोक खुंटीला किंवा झाडाला बांधलेले असते, दुसरे तिच्या कमरेच्या पट्ट्याला. ती मागे झुकली की ताणा ताठ होतो, पुढे झुकली की सैल पडतो. यंत्राचा अर्धा भाग तिचे स्वतःचे शरीर असते. काही ठिकाणी जमिनीत चार खुंट्या ठोकूनही माग लावतात. लामा-अल्पाकांची लोकर रस्त्याने चालता चालता, गुरांमागे फिरता फिरता टकळीवर कातली जाते. लाल रंग येतो फड्या निवडुंगावर वाढणाऱ्या कोशिनील किड्यापासून. तुरटीने तो पक्का होतो, आणि आंबट किंवा खारट द्रव्य मिसळले की त्याच लालाच्या गुलाबी-जांभळ्या अनेक छटा निघतात. हे रसायनशास्त्र प्रयोगशाळेत शिकलेले नाही. आईकडून मुलीकडे आलेले आहे.

नक्षीसाठी कागदावर आराखडा नसतो. लामाच्या हाडाची टोकदार 'रुकी' घेऊन विणकरीण ताण्यातील नेमके धागे उचलते. नक्षीला केचुआ भाषेत 'पल्याय' म्हणतात. त्याचा अर्थच मुळी वेचणे, उचलणे असा आहे. कोणत्या ओळीत किती जोड्या उचलायच्या, कोठे उलट फिरायचे, ही सारी गणना तोंडपाठ असते. लहान मुलगी प्रथम अरुंद पट्टी विणायला शिकते. तीत एक नक्षी बसली की दुसरी. ज्या स्त्रीला कागदावरची बेरीज कोणी शिकवली नाही, ती शेकडो धाग्यांचे गणित बोटांवर सांभाळते. मग तिला निरक्षर म्हणताना आपण नेमके काय मोजतो?

आणखी एक गोष्ट. अँडीजचे जुने कापड कापून शिवलेले नसते. अंगरखा असो वा शाल, जेवढा तुकडा हवा तेवढाच मागावर विणायचा, चारही बाजूंनी काठ बंद करायचे. कात्री लावायची नाही. त्यामुळे कापड हातात घेतले की ते कोठे सुरू झाले आणि कोठे संपले, दोन टोकांकडून आलेले विणकाम कोठे भेटले, हे जाणत्याला सांगता येते. आणि नक्षीवरून, रंगांच्या क्रमावरून माणूस कोणत्या गावचा हेही सांगता येते. टिटिकाका सरोवरातील ताकिले बेटावर स्त्रिया कमरपट्टे विणतात आणि पुरुष टोप्या विणतात. तेथील एका रुंद पट्ट्यावर वर्षभराच्या शेतीचे आणि सणांचे चक्र चिन्हांनी विणलेले असते. या बेटाच्या वस्त्रकलेला २००५ साली युनेस्कोने मानवजातीच्या वारशात स्थान दिले. पंचांग कागदावर असले की ग्रंथ ठरतो. कमरेला बांधले की मात्र हस्तकला!

३

येथपर्यंत वाचून कोणाला वाटेल की, स्पॅनिश लोक येण्यापूर्वी तेथे विणकरांचे सुवर्णयुग नांदत होते. आपल्याला या सुवर्णयुगांचा चांगला अनुभव आहे. भूतकाळाचे सोने करताना ते कोणाच्या घामातून निघाले हा प्रश्न गाळला जातो. म्हणून इंका राजवटीचा विचार स्पष्टपणे केला पाहिजे.

पंधराव्या शतकाच्या मध्यापासून कुस्को येथील इंकांनी अँडीजचा प्रचंड प्रदेश ताब्यात आणला. या राज्यात नाणे नव्हते. कर घेतला जाई तो श्रमाच्या रूपाने, आणि त्या श्रमात विणकाम प्रमुख होते. राज्याच्या कळपाची लोकर घरोघर वाटली जाई आणि प्रत्येक कुटुंबाने ठरलेले कापड विणून द्यायचे असे. १९६२ साली जॉन मुर्रा या अभ्यासकाने दाखवून दिले की, इंका राज्यात कापड हे केवळ अंग झाकण्याचे साधन नव्हते. सैनिकाला मोबदला कापडाचा, जिंकलेल्या सरदाराला मान कापडाचा, देवाला आहुतीही कापडाचीच. १५३२ साली पिझारोबरोबर काहामार्का येथे पोहोचलेल्या त्याच्या चिटणीसाने नोंद केली आहे की, तेथील कोठारे छतापर्यंत कापडाच्या गठ्ठ्यांनी भरलेली होती. सोन्यासाठी आलेल्या त्या लोकांना तो साठा पाहून नवल वाटले. त्या गठ्ठ्यांवर विणणाऱ्यांची नावे अर्थातच नव्हती.

कापडातही वर्ण होते. सर्वसामान्यांसाठी 'अवास्का' हे जाडेभरडे कापड. राजासाठी आणि देवासाठी 'कुंपी' हे तलम कापड, ज्याच्या काही नमुन्यांत एका सेंटिमीटरला शंभराहून अधिक आडवे धागे भरलेले आढळतात. कुंपी अंगावर घालायला राजाची मेहेरबानी लागे. ते विणण्यासाठी गावोगावच्या दहा-बारा वर्षांच्या मुली निवडून बंदिस्त वाड्यांत नेल्या जात. त्यांना 'अक्ल्या', म्हणजे निवडलेल्या, म्हणत. हा मोठा सन्मान होता असे इतिहासकार लिहितात. त्या मुलींच्या आयांना काय वाटत होते ते कोणी लिहून ठेवलेले नाही. आपल्याकडे देवाला सोडलेल्या मुलींविषयीही सन्मानाचीच भाषा वापरली जात होती, एवढे येथे नमूद करतो. ह्वाइना कापाक या सम्राटाने तर टिटिकाका सरोवराजवळ एक हजार विणकर आणि शंभर कुंभार आणून वसवले होते. शिवाय प्रत्येक प्रांतातील माणसाने आपापल्या प्रांताचाच पेहराव आणि शिरोभूषण वापरले पाहिजे, दुसऱ्याचे वापरल्यास शिक्षा, असा दंडक होता. म्हणजे माणसाला दुरूनच ओळखता यावे आणि त्याने आपली जागा सोडू नये, यासाठी वस्त्राचा उपयोग करणारे पहिले राज्यकर्ते परके नव्हते.

तरीही एक भेद नाकारता येणार नाही. इंका राज्य कापड घेई, पण कोरडवाहू वर्षात कोठारे उघडीही करी. आणि गावाची जमीन व घराची लोकर गावाकडे-घराकडे राहू देई. पुढे जे आले त्यांनी घेतले तेवढेच.

४

१६ नोव्हेंबर १५३२ रोजी काहामार्का येथे इंका आतावाल्पा पकडला गेला. स्पॅनिश जहागीरदारांनी पहिल्या दिवसापासून कापडाची खंडणी चालू ठेवली. फक्त आता लोकर कोणी वाटेना. लोकरही विणकराची, श्रमही विणकराचे, आणि कापड मात्र साहेबाचे.

येथे दोरीच्या गाठींचा एक पुरावा सांगितला पाहिजे. अँडीजचे लोक हिशेब ठेवत तो 'किपू'वर : एका आडव्या दोरीला लोंबणाऱ्या रंगीत दोऱ्या आणि त्यांना मारलेल्या गाठी. या गाठी दशमान पद्धतीच्या आहेत, हे १९१२ साली लेलंड लॉक याने उलगडून दाखवले. हाउहा खोऱ्यातील मूळनिवासींनी १५६१ साली लिमा येथील न्यायासनापुढे हे किपू नेले आणि पिझारो आल्यापासून स्पॅनिश लोकांना आपण किती धान्य, किती लामा, किती कापड दिले, आणि त्यांनी न विचारता किती नेले, याचा वर्षवार हिशेब गाठींवरून वाचून दाखवला. न्यायासनाने तो कागदावर उतरवून घेतला. लुटारूंकडे लुटीचा असा हिशेब नव्हता. लुटल्या गेलेल्यांकडे होता. १५८३ साली लिमाच्या धर्मपरिषदेने किपूंमध्ये पाखंड दडले आहे असे ठरवून ते नष्ट करण्याचा हुकूम काढला. ज्यांना लिपी नव्हती त्यांचे काय नष्ट करायचे होते?

या काळाचा सर्वांत मोठा साक्षीदार म्हणजे ग्वामान पोमा दे आयाला. तो मूळनिवासी होता, स्पॅनिश लिहायला शिकला होता. त्याने सुमारे बाराशे पानांचे आणि जवळजवळ चारशे चित्रांचे एक निवेदन १६१५ च्या सुमारास पूर्ण केले. ते स्पेनच्या राजासाठी होते. त्यातील एका चित्रात मागावर बसलेली स्त्री आहे आणि तिच्यावर हात उगारलेला धर्मगुरू आहे. विधवा आणि अविवाहित स्त्रियांना गोळा करून पाद्री त्यांच्याकडून फुकट कापड कसे विणून घेतात, हे त्याने नावानिशी आणि गावानिशी लिहिले. राजाने उत्तर दिल्याची नोंद नाही. ते हस्तलिखित १९०८ साली कोपनहेगनच्या राजग्रंथालयात सापडले. जवळजवळ तीनशे वर्षे एका शोषिताचे आत्मनिवेदन परक्या देशाच्या कपाटात वाचकाची वाट पाहत पडून होते. शोषितांचे साहित्य आज-काल निर्माण झाले असे म्हणणाऱ्या समीक्षकांनी ही तारीख लक्षात ठेवावी.

कापडाच्या मागणीतून 'ओब्राहे' उभे राहिले. हे स्पॅनिश मालकांचे विणकामाचे कारखाने होते. त्यांत युरोपातून आणलेले पायाने चालवायचे माग बसवले होते आणि त्यांवर मूळनिवासी पुरुषांना जुंपले जाई. कोणी कर थकला म्हणून, कोणी कर्ज फिटले नाही म्हणून, कोणी शिक्षा म्हणून. अठराव्या शतकात त्या भागात फिरलेल्या हुआन आणि उय्योआ या दोन स्पॅनिश नौदल अधिकाऱ्यांनी स्वतःच्या सरकारला पाठवलेल्या गुप्त अहवालात या कारखान्यांचे वर्णन केले आहे. पहाटे आत कोंडायचे, बाहेरून कुलूप लावायचे, काम पुरे झाले नाही तर फटके, असा तो क्रम होता.

४ नोव्हेंबर १७८० रोजी होसे गाब्रिएल कोंडोरकांकी याने तुपाक अमारू हे जुने नाव धारण करून बंड पुकारले. बंडाच्या पहिल्याच दिवसांत त्याच्या लोकांनी पोमाकांची येथील ओब्राहे फोडला आणि तेथील कापड लोकांत वाटून टाकले. ज्यांनी विणले होते त्यांच्या अंगावर ते प्रथमच आले असेल. बंड मोडले. १८ मे १७८१ रोजी कुस्कोच्या चौकात तुपाक अमारू, त्याची पत्नी मिकाएला बास्तीदास आणि त्यांचे सहकारी यांना क्रूरपणे ठार करण्यात आले.

परंतु शिक्षा माणसे मारून थांबली नाही, आणि या लेखाच्या दृष्टीने पुढचा भाग महत्त्वाचा आहे. आरेचे नावाच्या अधिकाऱ्याने लिहिलेल्या निकालपत्रात इंकांच्या पद्धतीचे कपडे घालण्यास बंदी घातली गेली. जुने अंगरखे आणि शिरोभूषणे काढून घ्यावीत, इंका राजांची चित्रे पुसावीत, त्यांच्या आठवणींची नाटके बंद करावीत, शोकाचे काळे कपडेही घालू नयेत आणि लोकांना केचुआऐवजी स्पॅनिश बोलायला लावावे, असे त्यात आहे. चित्र, नाटक, भाषा आणि वस्त्र यांना एकाच हुकुमात बसवले आहे. ही सारी एकाच वर्गातील गोष्टी आहेत हे त्या अधिकाऱ्याला बरोबर समजले होते. वस्त्र बोलते, आठवण ठेवते आणि माणसाला उभे करते, याची कबुली खुद्द विजेत्याने सही-शिक्क्यानिशी दिली. इतिहासाच्या पुस्तकांना मात्र ती पुढे दीडशे वर्षे समजली नाही.

५

ती समजावून द्यायला पुन्हा एका मूळनिवासीलाच यावे लागले. हुलिओ सेसार तेयो याचा जन्म १८८० साली पेरूतील वारोचिरी या डोंगरी भागात केचुआ बोलणाऱ्या कुटुंबात झाला. लिमाला येऊन, ग्रंथालयात नोकरी करत त्याने वैद्यकाचे शिक्षण घेतले. शिष्यवृत्तीवर हार्वर्डला गेला आणि १९११ साली तेथून मानवशास्त्राची पदवी घेतली. पेरूच्या पुरातत्त्वविद्येचा तो जनक मानला जातो. पेरूची संस्कृती बाहेरून आलेली असली पाहिजे, असे मोठमोठे विद्वान त्या काळी मानत होते. ती याच मातीत आणि याच डोंगरात उगवली, हे तेयोने उत्खननाने दाखवण्याचा प्रयत्न जन्मभर केला.

१९२५ पासून त्याने दक्षिण किनाऱ्यावरील पाराकास येथे काम सुरू केले. १९२७ साली तेथील वाळूत त्याच्या पथकाला सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीची दफनभूमी सापडली : ४२९ देह, प्रत्येक देह बसलेल्या स्थितीत आणि कापडाच्या थरांत गुंडाळलेला. आतल्या प्रावरणांवर लोकरीच्या रंगीत धाग्यांनी भरतकाम केलेले होते. एकच आकृती प्रावरणभर पुन्हा पुन्हा येते, परंतु रंगांचा क्रम प्रत्येक वेळी ठरावीक नियमाने बदलतो. एका मोठ्या प्रावरणामागे हजारो तासांचे काम आहे. वाळू कोरडी असल्याने रंग जसेच्या तसे राहिले.

१९३० साली पेरूतील सरकार उलथले, तेयोचे संग्रहालयाचे संचालकपद गेले आणि पाराकासचे काम थांबले. पाठोपाठ चोर तेथे पोहोचले. चोरून नेलेली प्रावरणे स्वीडनमधील गोथेनबर्ग शहराच्या संग्रहात जाऊन बसली. पेरूने मागणी लावून धरल्यावर २०१४ पासून ती टप्प्याटप्प्याने परत देण्यात आली. दरम्यान युरोप-अमेरिकेच्या कलाजगतालाही जाग आली होती. जर्मनीतून नाझींमुळे परागंदा झालेली विणकर-कलावंत आनी आल्बर्स हिने १९६५ साली विणकामावरील आपला ग्रंथ प्राचीन पेरूच्या विणकरांना गुरू मानून अर्पण केला. तिचा प्रामाणिकपणा वंदनीय आहे. पण तिचे काम संग्रहालयात तिच्या नावाने लागते आणि तिच्या गुरूंचे काम अनामिक म्हणून लागते. हा दोष तिचा नाही. नाव लिहून ठेवण्यासारखे काम कोणाचे आणि नुसते वापरण्यासारखे काम कोणाचे, ही विभागणी फार आधी झालेली आहे. आपण तिला श्रमविभागणी म्हणत नाही. बाबासाहेबांनी शिकवल्याप्रमाणे ती श्रमिकांचीच विभागणी असते.

६

आता मला एका अडचणीच्या प्रश्नाकडे आले पाहिजे. डिसेंबर १९२७ मध्ये महाड येथे बाबासाहेबांनी आपल्या स्त्रियांना सांगितले की, अस्पृश्यतेची खूण पटवणारी लुगडे नेसण्याची पद्धत सोडा, वरच्या जातींच्या स्त्रियांप्रमाणे नेसा, हातापायांतले ते जड दागिने टाकून द्या. स्त्रियांनी ते तत्काळ अमलात आणले. आपल्या मुक्तीची एक पायरी जुने वस्त्र टाकण्याची होती. आणि अँडीजमध्ये तर जुने वस्त्र अंगावर ठेवणे ही मुक्तीची पायरी मानली जाते. मग दोघांपैकी चुकले कोण?

हा प्रश्न उगाच काढलेला नाही. 'परंपरा जपा' हा उपदेश आपल्याला सतत ऐकवला जातो, आणि अँडीजचे उदाहरण देऊन तो पुन्हा ऐकवला जाण्याचा धोका आहे. म्हणून ज्या वस्त्राविषयी बोलायचे त्याचा इतिहास पाहावा लागतो. आपल्यावर जे वस्त्र होते ते जातीने नेमून दिलेले होते. विदर्भातील महार जाडेभरडे कापड स्वतः विणत असत. परंतु आपण काय विणावे आणि आपल्या बायकांनी ते कसे नेसावे, याचा निर्णय त्यांच्या हातात नव्हता. मुंबईच्या गिरण्यांत तर विणखात्याचे दार अस्पृश्यांना बंद होते, कारण धोट्यात धागा ओढून घेताना त्याला तोंड लावावे लागे आणि सवर्ण कामगारांना विटाळ होई. १९२८ च्या संपाच्या वेळी बाबासाहेबांना हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांपुढे मुद्दाम मांडावा लागला. ज्याला धाग्याला हात लावू दिला नाही त्याला कापडाची परंपरा जपायला सांगणे ही थट्टा आहे.

अँडीजमध्ये दोन्ही गोष्टी एकत्र आढळतात. तेथील स्त्रियांचा 'पोयेरा' हा घेरदार घागरा मुळात स्पॅनिश धाटणीचा आहे. वसाहतीच्या काळात तो त्यांच्या अंगावर आला. पुढे त्याच घागऱ्यावरून त्यांना हिणवले गेले. बोलिव्हियाचे सरकार जेथून चालते त्या ला पाझ येथील मुख्य चौकात १९५२ च्या क्रांतीपूर्वी मूळनिवासींना फिरण्यास मज्जाव होता. १९३५ साली टोपल्या घेऊन जाणाऱ्या पोयेरावाल्या स्त्रियांना ट्राममध्ये चढू न देण्याचा नियम निघाला, तेव्हा शहरातील स्वयंपाकिणींनी आपली संघटना उभारून त्याविरुद्ध लढा दिला. घागरा बदलून ट्राममध्ये बसण्याचा मार्ग त्यांना मोकळा होता. तो त्यांनी घेतला नाही. १९८९ साली रेमेदिओस लोसा पोयेरा घालूनच बोलिव्हियाच्या संसदेत निवडून गेली. २००६ साली पेरूच्या संसदेत इलारिया सुपा या घरकाम केलेल्या स्त्रीने आपल्या पारंपरिक वेशात केचुआ भाषेतून शपथ घेतली, तेव्हा सुशिक्षितांच्या बाकांवरून गदारोळ झाला.

महाडची स्त्री आणि ला पाझची स्त्री यांनी उलट गोष्टी केल्या असे वरून दिसते. मला तसे वाटत नाही. माझ्या अंगावर काय असावे हे तुम्ही ठरवायचे नाही, हे एकच वाक्य दोघींनी आपापल्या परिस्थितीत उच्चारले. एकीने ते लुगडे बदलून उच्चारले, दुसरीने घागरा न बदलता. वस्त्र जुने की नवे, आपले की परके, यावरून त्याची किंमत ठरत नाही. ते नेसणारीच्या निर्णयाने नेसले गेले की नाही, यावरून ठरते.

७

आज प्रश्नाने नवे रूप घेतले आहे. कालपर्यंत जे वस्त्र हिणवले जात होते ते आता बाजाराला हवे आहे. त्याचे तीव्र उदाहरण अँडीजच्या बरेच उत्तरेला, मध्य अमेरिकेतील ग्वाटेमाला देशात दिसते. तेथील माया स्त्रियाही कमरेच्या पट्ट्याच्या मागावर विणतात. १९८० च्या दशकाच्या आरंभी तेथे लष्कराने माया गावांचा संहार केला. तेव्हा पेहरावावरून गाव ओळखले जाईल या भीतीने अनेकींना आपले कपडे लपवावे लागले. जून २००२ मध्ये इर्मा आलिसिया वेलास्केस निमातुह या माया मानवशास्त्रज्ञ स्त्रीला राजधानीतील एका उपाहारगृहात तिच्या पारंपरिक पेहरावामुळे प्रवेश नाकारला गेला. तिने ते सहन केले नाही; त्याच वर्षी वांशिक भेदभाव हा तेथे कायद्याने गुन्हा ठरला. परंतु त्याच पेहरावाची नक्षी कंपन्या छापून विकत होत्या, पर्यटनाच्या जाहिरातींत तीच नक्षी झळकत होती. म्हणून २०१६ साली माया विणकर स्त्रियांच्या संघटनेने घटनात्मक न्यायालयाकडे धाव घेतली : ही नक्षी कोणा एका व्यक्तीची नाही, आमच्या समाजाची सामूहिक बौद्धिक संपत्ती आहे, तिला संरक्षण द्या. पुढच्या वर्षी न्यायालयाने असा कायदा करण्याविषयी संसदेला सुचवले. वस्त्र चालते, ते विणणारी चालत नाही, ही स्थिती आपल्याला अपरिचित नाही. आपल्या हलगीचा ताल सभागृहात चालतो, हलगीवाल्याचे आडनाव विचारले जाते.

पेरूत कुस्कोजवळच्या चिंचेरो गावच्या निल्दा काल्यान्याउपा या विणकर स्त्रीने सहकाऱ्यांसह १९९६ साली पारंपरिक वस्त्रांचे केंद्र स्थापन केले. अनेक गावांच्या विणकरांनी त्यात विसरत चाललेल्या नक्षी म्हाताऱ्यांकडून पुन्हा शिकून घेतल्या. तेथे विकल्या जाणाऱ्या कापडाला एक चिठ्ठी जोडलेली असते. तीवर विणणाऱ्या व्यक्तीचे नाव आणि गाव असते. काहामार्काच्या छतापर्यंत भरलेल्या कोठारांपासून या चिठ्ठीपर्यंत पोहोचायला जवळजवळ पाच शतके लागली. राजाने कापड घेतले, पाद्रीने घेतले, कारखानदाराने घेतले, संग्रहालयाने घेतले. नाव कोणीच घेतले नव्हते.

आपल्या अभ्यासकांपुढे आणि विद्यार्थ्यांपुढे यातून एक काम उभे राहते. आपल्या पूर्वजांचा इतिहास आपण बहुधा दुसऱ्यांच्या कागदांत शोधतो, गॅझेटियरमध्ये, पोथ्यांत, सरकारी अहवालांत, आणि तेथे आपण भेटतो ते दुसऱ्याने पाहिलेल्या रूपात. हुआका प्रिएताचे गिधाड कोणत्याही कागदावर नव्हते. धागा कोठून कोठे गेला ते पाहिल्यावर दिसले. आपल्या लोकांनी विणलेले कापड, वळलेला दोर, कमावलेले चामडे, बांधलेली विहीर, गोधडीचा टाका, ओवीची चाल हे सारे त्याच दृष्टीने वाचायला हवे. ते कौतुकाने भिंतीवर टांगण्यासाठी वाचायचे नाही. त्या कामात किती बुद्धी होती, ते कोणी घेतले आणि त्याचे काय दिले, याचा हिशेब मांडण्यासाठी वाचायचे आहे. हाउहाच्या लोकांनी असा हिशेब गाठींवर ठेवला होता आणि वेळ येताच तो न्यायासनापुढे नेऊन वाचला. आपला हिशेब गोळा करायला आज आपल्याकडे निदान अक्षर आहे. ते ज्यांच्या श्रमावर आपल्याला मिळाले, त्यांची नावे त्या अक्षरांनी प्रथम लिहिली पाहिजेत.